गायिकेच्या पश्चात गायिकेवरचा माहितीपट: मणी कौल यांच्या ‘सिद्धेश्वरी’चा प्रकरण अभ्यास

१९८०च्या दशकाच्या उत्तरार्धात दिग्दर्शक मणी कौल यांनी फिल्म्स डिव्हिजन या सरकारी संस्थेसाठी सिद्धेश्वरी देवींवर माहितीपट करायला घेतला, तेव्हा बाईंना जाऊन जवळपास दहा वर्षे झाली होती. बनारसच्या पूरब अंगाच्या, म्हणजे पूर्वेकडच्या ढंगाच्या, ठुमरीतले ते फार मोठे नाव होते. १९६६ साली त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला, १९६७ साली पद्मश्री मिळाली, आणि दिल्लीत भारतीय कला केंद्रात अनेक वर्षे शिकवल्यानंतर अर्धांगवायूच्या आजारपणात १९७७च्या मार्चमध्ये त्यांचे निधन झाले. त्यांचा आवाज ध्वनिमुद्रणांत शिल्लक होता, उतारवयातले थोडेसे चित्रण होते, आणि कुटुंबीय व शिष्य यांच्या आठवणी होत्या. परंतु ज्या काळात ही गायिका घडली, त्या काळाची पडद्यावर दाखवण्याजोगी सामग्री जवळजवळ नव्हती. बालपण, तालीम, मावशीच्या घरातले पोरकेपण, संस्थानिकांच्या दरबारांतल्या मैफली हे सारे फक्त सांगोवांगीच्या हकिगतींत उरले होते.

अशा वेळी माहितीपटकाराच्या हाताशी एक रुळलेली पद्धत असते. जुनी छायाचित्रे दाखवायची, शिष्यांना आणि जाणकारांना कॅमेऱ्यासमोर बसवायचे, घाटावरच्या सूर्योदयाची दृश्ये मधे मधे पेरायची आणि या सगळ्यावर भारदस्त आवाजातले निवेदन चढवायचे. कौल यांनी यातले जवळपास काहीच केले नाही. त्यांनी सुमारे दीड तासाचा असा चित्रपट केला, की ज्याला माहितीपट म्हणावे की कथापट, याचा निर्णय आजही सहजी होत नाही. त्यांनी असे का केले, तसे करण्याची तयारी त्यांच्या आधीच्या वीस वर्षांत कशी झाली होती, आणि या निवडीतून काय हाती लागले व काय सुटले, हे या प्रकरणात तपासायचे आहे.

तोवरची वाटचाल

मणी कौल यांचा जन्म १९४४ साली जोधपूरला झाला. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून ते १९६६ साली बाहेर पडले. ही संस्था प्रभात स्टुडिओच्या जागेत १९६० साली सुरू झालेली, आणि बंगाली दिग्दर्शक ऋत्विक घटक यांनी तिथे अल्पकाळ शिकवले तो नेमका कौल आणि पुढे दिग्दर्शक झालेले कुमार शहानी व जॉन अब्राहम यांच्या शिक्षणाचा काळ होता. फिल्म फायनान्स कॉर्पोरेशन या सरकारी संस्थेच्या कर्जाऊ पैशातून कौल यांनी मोहन राकेश यांच्या कथेवर ‘उसकी रोटी’ केला, पुढे १९७१ साली त्यांच्याच नाटकावर ‘आषाढ का एक दिन’ केला. या दुसऱ्या चित्रपटात कालिदासाची भूमिका अरुण खोपकर यांनी आणि मल्लिकेची रेखा सबनीस यांनी केली होती, हे मराठी वाचकाने लक्षात ठेवण्यासारखे आहे. १९७३च्या ‘दुविधा’साठी त्यांना दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. विजयदान देथा यांच्या कथेवरचा हा चित्रपट राजस्थानातल्या बोरुंदा गावात चित्रित झाला, आणि त्यासाठी चित्रकार अकबर पदमसी यांची मदत झाली होती.

या तीन कथापटांतही चित्रकला सतत डोकावते. ‘उसकी रोटी’च्या चौकटी अमृता शेरगिल यांच्या चित्रांकडे पाहून रचलेल्या आहेत आणि त्यातल्या चित्रणासाठी मुख्यतः दोनच भिंगांचा, एक रुंद आणि एक दूरचे जवळ आणणारे, आलटून पालटून वापर केलेला आहे. ‘दुविधा’मागे कांगडा आणि बसोहली शैलींच्या लघुचित्रांचा अभ्यास आहे. म्हणजे कला हा विषय त्यांच्या माहितीपटांत अचानक आला नाही. कलेकडून चित्रपटाचे व्याकरण शिकण्याची सवय त्यांना आधीपासून होती.

‘दुविधा’नंतरची परिस्थिती मात्र अडचणीची होती. पुरस्कार मिळत होते, परदेशी महोत्सवांत नाव होते, पण चित्रपटगृहांत हे चित्रपट लागत नव्हते आणि कर्ज देणाऱ्या संस्थेवर ‘न चालणाऱ्या’ चित्रपटांना पैसे दिल्याबद्दल टीका होत होती. याच काळात कौल यांनी माहितीपटांकडे मोर्चा वळवला. १९७४ साली राजस्थानच्या फिरत्या कठपुतळीकारांवर, १९७७ साली चित्रे दाखवत कथा गाणाऱ्या चित्रकथीवर, १९८० साली मुंबईत येऊन पडणाऱ्या मालावर आणि मजुरांवर, १९८२ साली धृपद या जुन्या गायनपरंपरेवर आणि त्यानंतर मृत्तिकाशिल्पांच्या परंपरेवर ‘माटी मानस’ असा हा क्रम आहे. मधल्या काळात विजय तेंडुलकरांच्या ‘घाशीराम कोतवाल’वर १९७६ साली सहकारी पद्धतीने निघालेल्या मराठी चित्रपटाच्या चार दिग्दर्शकांपैकी ते एक होते, आणि १९८० साली त्यांनी गजानन माधव मुक्तिबोध यांच्या लेखनावर ‘सतह से उठता आदमी’ केला. मुक्तिबोध हिंदीचे कवी असले तरी घर मराठी होते आणि त्यांचे बंधू शरच्चंद्र मुक्तिबोध हे मराठीतले मान्यवर कवी, हा धागा इथे जाता जाता नोंदवतो.

कौल यांच्याविषयी लिहिताना अनेकजण या माहितीपटांना ‘कथापटांना पैसा मिळेना म्हणून केलेली कामे’ अशा सुरात उल्लेखून पुढे जातात. मला हे मुळीच पटत नाही. त्यांच्या चित्रपटविचाराची खरी बढत, रागाची होते तशी टप्प्याटप्प्याने वाढ, याच कामांत झाली आहे, आणि ‘सिद्धेश्वरी’ हा त्या बढतीचा वरचा टप्पा आहे. त्यासाठी आधीच्या दोन माहितीपटांपाशी थोडे थांबावे लागेल.

चित्रकथी आणि धृपद: दोन तालमी

चित्रकथीची परंपरा आज मुख्यतः सिंधुदुर्गात कुडाळजवळच्या पिंगुळी गावात ठाकर समाजाने जिवंत ठेवली आहे. चित्रांचा एकेक संच म्हणजे एकेक पोथी. सांगणारा पोथीतले एक चित्र उचलतो, प्रेक्षकांसमोर धरतो आणि वाद्यांच्या साथीने रामायण-महाभारतातला प्रसंग गाऊन सांगतो. चित्र स्थिर असते. आकृत्या बाजूने दिसणाऱ्या, डोळे मोठे आणि टपोरे, मागे डोंगर-झाडे असली तरी दूर जाणारी खोली नाही. एका चित्रात युद्धाच्या आधीचा क्षण असतो, पुढच्या चित्रात वीर पडलेला असतो, आणि मधले सगळे युद्ध सांगणाऱ्याच्या आवाजात घडते. चित्र बदलायचे केव्हा, हे गाणे ठरवते.

या कलेवर माहितीपट करणाऱ्या दिग्दर्शकाला दोन वाटा असतात. एक, या कलेचा इतिहास, भूगोल आणि सद्यःस्थिती सांगायची. दुसरी, ही कला स्वतःच चित्र आणि आवाज यांची जोडणी करणारी एक पूर्ण पद्धत आहे हे मान्य करून तिच्याकडून शिकायचे. चित्र जे दाखवते तेच आवाजाने पुन्हा सांगायचे नाही, आणि आवाजात जे घडते त्याचे चित्र दाखवलेच पाहिजे असे नाही, हा चित्रकथीचा धडा आहे. ‘सिद्धेश्वरी’कडे आल्यावर कौल यांना हाच धडा सर्वांत जास्त उपयोगी पडला, असे माझे मत आहे, कारण तिथे त्यांच्यापाशी आवाज होता आणि चित्रे नव्हती.

धृपदाचे नाते याहून खोल होते. कौल हे रुद्रवीणावादक उस्ताद झिया मोहिउद्दीन डागर यांच्याकडे रीतसर धृपद शिकत होते. उस्तादांचे वास्तव्य मुंबईत होते आणि पनवेलजवळ पळस्पे इथे त्यांचे गुरुकुल उभे राहिले, त्यामुळे ही तालीम महाराष्ट्राच्या भूमीतच झाली. १९८२च्या ‘धृपद’मध्ये झिया मोहिउद्दीन यांचे वीणावादन आणि त्यांचे धाकटे बंधू झिया फरिदुद्दीन डागर यांचे गायन आहे. माहितीपट सुमारे ७२ मिनिटांचा आहे. त्यात घराण्याची वंशावळ समजावणारी लांबलचक निवेदने नाहीत. जुन्या वास्तूंच्या दगडी भिंतींवरून, कमानींतून कॅमेरा अतिशय सावकाश सरकत राहतो आणि आलाप वाढत जातो. हे सरकणे पाहताना काही वेळाने असे जाणवते की कॅमेरा एखाद्या ठिकाणी पोचण्यासाठी निघालेलाच नाही. मींड घेताना वादक दोन स्वरांमधला सगळा प्रदेश ऐकवतो, तसा कॅमेरा दोन ठिकाणांमधला सगळा अवकाश दाखवतो. शेवटी हा आलाप किल्ले-महाल सोडून मुंबईत येतो, आणि उंचावरून दिसणाऱ्या शहराच्या छपरांवरून, झोपड्यांवरून आणि इमारतींवरून कॅमेरा दीर्घकाळ फिरत राहतो. दरबार संपले तरी हे संगीत ज्या शहरात गायले-वाजवले जाते आहे, ते शहर असे आहे, हे एकही शब्द न उच्चारता सांगितले जाते. आपल्याकडच्या संगीतविषयक माहितीपटांत इतका धीट शेवट मला दुसरा आठवत नाही.

कौल यांनी पुढे अवकाशाविषयी जे निबंधलेखन केले, त्यात युरोपीय प्रबोधनकाळापासून चालत आलेल्या यथार्थदर्शनाला, म्हणजे सगळ्या रेषा एका बिंदूत मिळणाऱ्या चित्ररचनेला, त्यांचा आक्षेप आहे. कॅमेऱ्याचे भिंग मुळातच त्या रचनेने बांधलेले असते. मग त्या यंत्रातून आपल्या लघुचित्रांसारखा, अनेक केंद्रांचा किंवा केंद्रच नसलेला अवकाश कसा मिळवायचा, हा प्रश्न ते आयुष्यभर सोडवत राहिले. रागात स्वराची जागा एका ठिपक्यासारखी नसते, त्याच्याकडे जाण्या-येण्याच्या वाटा हाच त्याचा देह असतो, हे त्यांनी तालमीत अनुभवले होते. त्यांचा चित्रपटविचार या अनुभवावर उभा आहे.

‘माटी मानस’मध्ये हीच दिशा कथांकडे वळते. भट्टीत अडकूनही वाचलेल्या मांजरीच्या पिल्लांची कथा आणि परशुरामाने केलेल्या मातृवधाची कथा त्यात मातीच्या भांड्यांशेजारी येतात. आपल्याकडे गोरोबाकाकांची कथा ऐकत वाढलेल्या माणसाला माती, मृत्यू आणि भक्ती यांचे हे गुंतलेपण वेगळे समजावून सांगावे लागत नाही. पुराणकथा आणि आज चाकावर बसलेला कुंभार यांना एकाच पातळीवर ठेवण्याचे धाडस कौल यांनी इथे करून पाहिले, आणि पुढच्या कामात ते पूर्णपणे वापरले.

प्रसंग आणि निवडी

आता मूळ प्रकरणाकडे येऊ. सिद्धेश्वरी देवींचे आई-वडील लहानपणीच गेले आणि त्या मावशी राजेश्वरी देवींच्या घरी वाढल्या. राजेश्वरी स्वतः गायिका होत्या, परंतु तालीम मिळत होती ती त्यांच्या मुलीला, कमलेश्वरीला. सिद्धेश्वरीच्या वाट्याला घरकाम आले होते. सारंगिये सियाजी महाराज कमलेश्वरीला शिकवत असत आणि ही पोर काम करता करता ऐकत असे. एके दिवशी कमलेश्वरीला एक टप्पा (चपळ तानांचा एक गानप्रकार) काही केल्या जमेना, म्हणून गुरुजींनी छडी उगारली. सिद्धेश्वरी स्वयंपाकघरातून धावत आली, बहिणीला मिठी मारून तिने मार स्वतःच्या पाठीवर घेतला, आणि हे काही एवढे अवघड नाही, असे म्हणून तो टप्पा तिने गाऊन दाखवला. दुसऱ्या दिवशी सियाजी महाराजांनी या मुलीला आपल्या घरी मागून घेतले. त्यांना मूलबाळ नव्हते. पुढे सिद्धेश्वरींनी देवासचे रजब अली खाँ, लाहोरचे इनायत खाँ यांच्याकडूनही विद्या घेतली आणि बडे रामदासजींना गुरू मानले.

ही हकिगत इतकी नाट्यमय आहे की कोणताही दिग्दर्शक तिच्यावर झडप घालील. छडी, मिठी, पहिला टप्पा, गुरूचे चकित होणे, हे सगळे पटकथेत जसेच्या तसे बसते. पण हकिगतीत कितपत तथ्य आहे आणि ती वर्षानुवर्षे सांगितली जाताना किती घडवली गेली, हे तपासायला काही साधन नाही. ती खरी म्हणून अभिनयाने उभी केली तर माहितीपट खोटा पडण्याचा धोका आहे, आणि पुरावा नाही म्हणून वगळली तर बाईंच्या स्वतःविषयीच्या समजुतीचा गाभाच निसटतो. माहितीपटकारापुढचा खरा पेच हा होता. सामग्रीचा तुटवडा हे त्याचे वरवरचे रूप होते.

या पेचातून कौल यांनी काढलेली वाट ठुमरीच्या गायनातून आलेली आहे. बनारसी ठुमरीत बोलबनाव हे मुख्य अंग असते. गायिका एकच ओळ घेते, आणि तीच ओळ पुन्हा पुन्हा, प्रत्येक वेळी वेगळ्या स्वरवाक्यात, वेगळ्या भावाने म्हणते. एकदा त्या ओळीत तक्रार असते, एकदा लाडीगोडी, एकदा मत्सर, एकदा नुसती थकलेली वाट पाहणी. शब्द तेच राहतात आणि बोलणारी बाई मात्र दर वेळी वेगळी होते. श्रोता कुठल्या एका अर्थावर मुक्काम करत नाही; सगळे अर्थ एकमेकांशेजारी साठत जातात.

‘सिद्धेश्वरी’ची बांधणी अशीच आहे. जन्मापासून मृत्यूपर्यंतची सरळ रेषा त्यात नाही. राष्ट्रीय नाट्य विद्यालयातून नुकत्याच बाहेर पडलेल्या मीता वशिष्ठ त्यात मुख्य वावरतात, पण ‘सिद्धेश्वरींच्या भूमिकेत’ असे त्यांच्याविषयी सरळ म्हणता येत नाही. त्या कधी सिद्धेश्वरी असतात, कधी ठुमरीतली विरहिणी नायिका, कधी एखाद्या पुराणकथेच्या कडेने जाणारी स्त्री, आणि कधी बनारसमध्ये आलेली, या गायिकेचा माग काढणारी आजची तरुणी. वेगवेगळे काळ एकाच चौकटीत येऊन बसतात. त्यामुळे सांगोवांगीच्या हकिगती ‘असे घडले’ या दाव्याने पुढे येत नाहीत. बाईंच्या मनात आणि बनारसच्या स्मृतीत ज्या रूपात त्या राहिल्या, त्या रूपात येतात. खरे-खोटे करण्याचा प्रश्नच कौल यांनी दुसऱ्या पातळीवर नेला, आणि हे करताना फसवणूक केली नाही, हे महत्त्वाचे.

छायाचित्रणकार पीयूष शाह यांचा या कामातला वाटा मोठा आहे. बनारस हे कॅमेऱ्याला अतिशय सोपे शहर आहे. नदी, पायऱ्या, दिवे, साधू यांची चित्रे आपोआप मिळतात आणि पाहणारा आपोआप खूश होतो. इथे घाट आहेत, नावा आहेत, पाणी आहे, पण ते पर्यटकाला दिसते तसे समोरून नाही. रंग ठिकठिकाणी निवळून एकाच छटेत उतरतात, अंधाऱ्या खोल्यांतून प्रकाशाकडे जाताना चौकट रेंगाळते, आणि नदी बहुतेक वेळा काहीतरी चालू असताना कडेला असते. गायिकेच्या आयुष्यात ती तशीच असली पाहिजे.

शेवटाची निवड मला सर्वांत धीराची वाटते. सगळ्या चित्रपटभर जी अभिनेत्री त्या आयुष्यात वावरली, ती दूरचित्रवाणीच्या पडद्यासमोर आहे, आणि पडद्यावर खऱ्या सिद्धेश्वरी देवी गात आहेत. वय झालेला, रुंद, रोजच्या वापरातला वाटावा असा तो चेहरा आहे. चित्रण साधे आहे, दूरचित्रवाणीच्या तांत्रिक मर्यादांसकट. दीड तासाची सगळी सुबक दृश्यरचना त्या छोट्या पडद्यापुढे मागे सरते. बहुतेक दिग्दर्शकांनी हा अस्सल ऐवज चित्रपटाच्या सुरुवातीला लावला असता, कारण त्यामुळे प्रेक्षकाची खात्री पटते आणि पुढचे सगळे विश्वासार्ह वाटते. कौल यांनी तो अखेरीस ठेवला, त्यामुळे तो पुरावा म्हणून येत नाही, भेट म्हणून येतो. ज्या स्त्रीला आपण इतका वेळ निरनिराळ्या रूपांत अंदाजाने पाहत होतो, ती पहिल्यांदा स्वतःच्या आवाजात आणि स्वतःच्या चेहऱ्याने समोर बसते.

याच्याशेजारी सत्यजित राय यांनी १९७६ साली बालासरस्वतींवर केलेला माहितीपट ठेवून पाहावा. तिथे नर्तिका हयात होत्या, आणि राय यांनी नम्रपणे कॅमेऱ्याची करामत बाजूला ठेवून नृत्य नोंदवले. त्यांनी निवेदनातून चरित्र सांगितले, घरातले साधे क्षण टिपले, आणि समुद्रकिनाऱ्यावर वाऱ्यात पदर उडत असताना बालासरस्वतींना अभिनय करायला लावले, ज्यावर नृत्याच्या जाणकारांनी नाराजीही व्यक्त केली. राय यांचा माहितीपट आज नोंद म्हणून अमूल्य आहे, कारण ते नृत्य पाहायला दुसरी जागा फारशी नाही. कौल यांच्यापाशी नोंदवण्यासारखे समोर काही नव्हते. दोन्ही पद्धतींत उजवे-डावे करण्याचे कारण नाही, परंतु विषय-व्यक्ती हयात नसताना राय यांची पद्धत वापरली तर जे उरते ते म्हणजे निवेदन आणि छायाचित्रे; आणि तसे असंख्य माहितीपट आपल्या संग्रहांत पडून आहेत.

संस्था, रिळे आणि प्रेक्षक

फिल्म्स डिव्हिजनने हे कसे होऊ दिले, हा प्रश्न तितकाच महत्त्वाचा आहे. १९४८ साली स्थापन झालेली, मुंबईत पेडर रोडवर मुख्यालय असलेली ही संस्था मुळात सरकारी प्रसिद्धी आणि लोकशिक्षण यांसाठी होती. परवान्याच्या अटीनुसार देशभरातल्या चित्रपटगृहांना मुख्य चित्रपटाआधी तिचे वृत्तपट आणि माहितीपट दाखवावे लागत, आणि ‘फिल्म्स डिव्हिजन की भेंट’ ही पाटी पाहूनच प्रेक्षक बाहेर पॉपकॉर्न घ्यायला जात, हे त्या पिढीच्या चांगले स्मरणात आहे. या वितरणाला साजेशी लांबी म्हणजे एक ते दोन रिळे. ३५ मिलिमीटरचे हजार फुटांचे एक रीळ सुमारे अकरा मिनिटे चालते. आठ-नऊ रिळांचा, सरळ गोष्ट न सांगणारा चित्रपट या साखळीत कुठेच बसत नव्हता.

तरीही तो निघाला, कारण या संस्थेत अधूनमधून अशी माणसे आणि असे काळ येऊन गेले की जेव्हा विषयाची चौकट पाळली, म्हणजे ‘थोर गायिकेवर माहितीपट’ एवढी अट पूर्ण झाली, की मांडणीबाबत दिग्दर्शकाला मोकळीक मिळत असे. खासगी निर्मात्याला तिकीटविक्रीची धास्ती असते आणि वाहिनीला प्रेक्षकसंख्येची. या संस्थेला दोन्ही नव्हते. सार्वजनिक पैशातून कलेवर चित्रपट करण्याचा हा खरा फायदा आहे आणि तो आज पुरेसा सांगितला जात नाही. परंतु ज्या कारणाने हा चित्रपट जन्माला आला, त्याच कारणाने तो बंदही राहिला. तो कुणाला दाखवायचा याची जबाबदारी कुणाचीच नव्हती. १९८९ सालचा राष्ट्रीय पुरस्कार त्याला मिळाला, महोत्सवांत आणि फिल्म सोसायट्यांत तो दाखवला गेला, अभ्यासकांनी त्यावर लिहिले, आणि सर्वसामान्य संगीतप्रेमी त्याच्यापर्यंत पोचलाच नाही. फिल्म्स डिव्हिजन २०२२ साली राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली. आता हा सगळा ठेवा त्या महामंडळाकडे आहे.

काय हाती लागले, काय सुटले

या चित्रपटावरचा नेहमीचा आक्षेप असा, की तो पाहून सिद्धेश्वरी देवींविषयी माहिती मिळत नाही. ज्याला त्यांचे चरित्र आधी ठाऊक नाही, त्याला कोण कुणाची मावशी आणि कोण गुरू याचा पत्ता लागत नाही. हा आक्षेप खरा आहे. पण बाईंच्या जन्मसालासाठी आणि गुरूंच्या यादीसाठी कोश पुरेसा आहे, आणि कोश जे देऊ शकत नाही ते या चित्रपटात आहे, म्हणून मला या आक्षेपाचे फारसे वजन वाटत नाही.

दुसरा आक्षेप मला अधिक गंभीर वाटतो. बनारसच्या गाणाऱ्या बायकांचा सामाजिक इतिहास हा मानहानीचाही इतिहास आहे. कोठा, आश्रयदाते, विवाहाविना किंवा विवाहाच्या कडेने चालणारा संसार आणि नंतर ‘सभ्य’ समाजाने चढवलेली सोवळी नजर या सगळ्यांतून या गायिका गेल्या. स्वातंत्र्यानंतरच्या काळात यांतल्या कित्येकींच्या नावापुढे ‘देवी’ किंवा ‘बेगम’ लागले, ते या नजरेतून सुटण्यासाठी. कौल यांच्या चित्रपटात हे दुःख आहे, पण ते विरहिणीच्या चिरंतन दुःखात मिसळून जाते. नायिकेचे विरहाने जळणे आणि एका विशिष्ट बाईला समाजाने विशिष्ट वर्षी विशिष्ट दाराबाहेर उभे करणे या दोन गोष्टींत फरक आहे, आणि सौंदर्याच्या इतक्या दाट मुलाम्याखाली तो फरक पुसट होतो. गोमंतकातल्या कलावंत घराण्यांचा इतिहास ज्यांना जवळून ठाऊक आहे, मोगूबाई कुर्डीकरांनी आणि केसरबाई केरकरांनी किती ताठ मानेने आपली जागा मिळवली हे ज्यांनी वाडवडिलांकडून ऐकले आहे, त्यांना हा पुसटपणा खटकेल. मलाही तो खटकतो. बोलबनावाची पद्धत अर्थ वाढवते, पण जिथे एकच अर्थ ठामपणे सांगायला हवा तिथे ती अपुरी पडते.

पुढच्या पिढीवरचा परिणाम मात्र स्पष्ट दिसतो. गुलेर शैलीच्या नैनसुख या चित्रकारावर अमित दत्ता यांनी २०१० साली केलेल्या चित्रपटात चित्रांचे स्पष्टीकरण नाही. चित्रांची रचनाच चित्रपटाची रचना होते. पुण्याच्याच संस्थेत शिकलेल्या गुरविंदर सिंग यांनी कौल यांच्या सोबत काम करून आपली दृष्टी घडवली. २०११च्या जुलैमध्ये कौल यांचे निधन झाले, त्यानंतर त्यांचे माहितीपट अभ्यासवर्गांत पुन्हा पुन्हा दाखवले जाऊ लागले, आणि आता ते घरबसल्या पाहण्याच्या सोयीही वाढल्या आहेत.

एक गोष्ट मात्र अजून घडलेली नाही. हा चित्रपट चित्रपटाच्या विद्यार्थ्यांना दाखवला जातो, संगीताच्या श्रोत्यांना दाखवला जात नाही. वास्तविक, एका ओळीवर वीस मिनिटे रमलेल्या गायिकेला तितक्याच निवांतपणे दाद देणारा श्रोता, जो पुण्या-मुंबईच्या, मिरज-सांगलीच्या, फोंडा-मडगावच्या संगीत मंडळांत आजही नियमाने येऊन बसतो, तोच ‘सिद्धेश्वरी’चा हक्काचा प्रेक्षक आहे. गोष्ट पुढे का सरकत नाही, असे तो विचारणार नाही, कारण बैठकीत तो असे कधी विचारत नाही. एखाद्या मंडळाने आपल्या मासिक सभेत आधी सिद्धेश्वरी देवींची भैरवीतली ठुमरी ऐकवावी आणि लगेच हा चित्रपट दाखवावा. प्रेक्षकांना चकवणारा चित्रपट अशी जी त्याची ख्याती झाली आहे, ती बैठकीच्या श्रोत्यांपुढे कितपत टिकते, हे त्या एका सभेत कळेल.